पुंगळीपासून निकालापर्यंत

प्रेमसंबंधातल्या गोळीबारात मुलगी गेली की घरची माणसं वकिलाकडे येताना फोटो घेऊन येतात. दोघांचे एकत्र फोटो, व्हॉट्सॲपवरच्या गप्पा, कुणी त्यांना कुठे पाहिलं त्याच्या आठवणी. त्याने तिला किती त्रास दिला हे कोर्टाला एकदा कळलं की निकाल आपल्या बाजूने लागेल, अशी त्यांची खात्री असते. सोलापूरच्या सत्र न्यायालयात फिर्यादी पक्षाच्या बाजूने बसणाऱ्या आम्हा वकिलांना पहिल्याच भेटीत सांगावं लागतं की नातं तर पुष्कळदा आरोपीही नाकारत नाही. वाद असतो तो शेवटच्या दहा मिनिटांचा. खोलीत दोघंच होती आणि त्यातली एक बोलायला उरलेली नाही. त्या दहा मिनिटांबद्दल आता जखम बोलणार, कपडे बोलणार, पुंगळी (झाडलेल्या काडतुसाचं रिकामं नळकांडं) बोलणार, आणि या वस्तू एका हातातून दुसऱ्या हातात जाताना लिहिलेले कागद बोलणार. त्या कागदांवरची एखादी वेळ, एखादी सही चुकली तर खरा गुन्हेगारही सुटू शकतो. घरच्यांनी लक्ष घालायचं ते इथे, आणि अगदी पहिल्या दिवसापासून.

सगळ्यात आधीची चूक दवाखान्यात होते, आणि ती आपल्याच माणसांच्या हातून होते. जखमी मुलीला सिव्हिलला आणलं की अपघात विभागात जीव वाचवायची घाई असते. अंगावरचे कपडे कात्रीने कापून काढतात आणि पिशवीत भरून नातेवाइकांच्या हातात देतात. रक्ताने माखलेला ड्रेस घरात ठेववत नाही म्हणून कुणी तो धुऊन टाकतं, कुणी अंत्यविधीला चितेवर ठेवतं. त्या कापडाला पडलेलं भोक, भोकाभोवतीची काजळी, जळालेला दोरा यांवरूनच शस्त्र किती जवळ होतं ते कळतं. जखम कपड्याखाली असेल तर काजळी कापडावर अडकते आणि कातडीवर जवळजवळ काहीच दिसत नाही. कापड गेलं की 'टेकवून झाडली की दुरून' या प्रश्नाचं अर्धं उत्तर गेलं. कपडे हातात आले तर ते झटकू नयेत, धुऊ नयेत. दवाखान्यातल्या पोलिसांकडे देऊन पंचनाम्यात त्यांची नोंद करून घ्यावी. रक्ताचे कपडे सावलीत वाळवून कागदात बांधायचे असतात. प्लॅस्टिकच्या पिशवीत कोंडले तर सोलापूरच्या एप्रिल-मेमध्ये चार दिवसांत कुजतात, आणि मग प्रयोगशाळेकडून 'रक्तगट निश्चित करता आला नाही' एवढीच ओळ येते.

मुलगी शुद्धीवर असेल तर मृत्युपूर्व जबाब लगेच व्हायला हवा. तो कार्यकारी दंडाधिकाऱ्याने, म्हणजे बहुतेक वेळा नायब तहसीलदाराने, नोंदवलेला असला तर त्याचं वजन जास्त. जबाबाच्या आधी आणि नंतर 'पेशंट शुद्धीवर असून जबाब देण्यास सक्षम आहे' असा डॉक्टरांचा शेरा वेळेसकट असावा. असा शेरा नसला म्हणून जबाब आपोआप रद्द होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने लक्ष्मण विरुद्ध महाराष्ट्र राज्य (२००२) या खटल्यात स्पष्ट केलं आहे. पण शेरा असला की उलटतपासातली एक मोठी फेरी वाचते. त्या वेळी आई-वडिलांनी, बहीण-भावांनी खोलीबाहेर थांबावं. मुलीचा हात सोडून बाहेर जाणं किती जड जातं हे आम्हाला कळतं. तरीही जावं, कारण 'घरच्यांनी पढवलं' हा बचाव तिथूनच उभा राहतो.

फिर्याद लिहिताना दोन टोकं टाळायची. एक म्हणजे रागाच्या भरात आरोपीच्या सगळ्या घरादाराची नावं घालणं. ज्याचा संबंध नाही त्याचं नाव घातलं की पुढे ज्याचा संबंध आहे त्याच्याबद्दलही शंका घेतली जाते. दुसरं म्हणजे महत्त्वाची गोष्ट राहून जाणं. आधीच्या आठवड्यात त्याने धमकी दिली होती, तिने ती मैत्रिणीला सांगितली होती, त्याच्याकडे पिस्तूल असल्याचं भावाला माहीत होतं, हे पहिल्या दिवशी कागदावर आलं नाही आणि दोन वर्षांनी साक्षीत आलं, तर त्याला वगळणूक म्हणतात आणि बचावाचा वकील तीच धरून बसतो. घटना शहर आयुक्तालयाच्या हद्दीत की ग्रामीण पोलिसांच्या, यावरून कुणी परत पाठवत असेल तर शून्य क्रमांकाने गुन्हा नोंदवून घ्यायला सांगावं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये तशी स्पष्ट सोय आहे. फिर्यादीची प्रत विनाशुल्क मिळते, ती त्याच वेळी घ्यावी.

आता घटनास्थळ. भाड्याची खोली, लॉज, शेतातली वस्ती, गाडीची मागची सीट, जागा कुठलीही असो, पंचनाम्यात पाच-सहा गोष्टी यायलाच हव्यात: प्रेत कोणत्या दिशेला होतं, पुंगळी प्रेतापासून किती फुटांवर सापडली, भिंतीवर गोळीचं भोक किती उंचीवर, दाराची कडी आतून होती की बाहेरून, दिवा चालू होता का, आणि शस्त्र तिथे होतं की नव्हतं. पिस्तूल झाडल्यावर रिकामी पुंगळी बाहेर फेकतं. रिव्हॉल्व्हरची पुंगळी आतच राहते. खोलीत पुंगळी सापडली आणि जप्त मात्र रिव्हॉल्व्हर झालं, तर हा मेळ कुणीतरी समजावून द्यावाच लागतो. मयताचे हात प्रेत हलवायच्या आधी कागदी पिशव्यांत बांधायचे असतात. आरोपीच्या हाताचे नमुने चार-सहा तासांत घेतले तरच त्यांना अर्थ असतो. शिसं, अँटिमनी आणि बेरियमचे ते कण हात धुतल्यावर, घामाने, खिशात हात घातल्यावरही निघून जातात. दोन दिवसांनी पकडलेल्या माणसाच्या हातावर काही सापडलं नाही, तर त्यातून काहीच सिद्ध होत नाही. झाडल्याचंही नाही, न झाडल्याचंही नाही. घरचे लोक असा अहवाल पाहून खचतात. खचायचं कारण नाही.

याच नव्या नागरिक सुरक्षा संहितेने झडती आणि जप्तीचं चित्रीकरण सक्तीचं केलं आहे, आणि सात वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात न्यायवैद्यक तज्ज्ञाने घटनास्थळी जाण्याची तरतूद आणली आहे. आम्हाला हा बदल मनापासून मोलाचा वाटतो. पूर्वी पंच फुटला की पंचनामा लुळा पडायचा. आता गंभीर गुन्ह्यात सरकारी कर्मचारी पंच घेतात, शिवाय चित्रीकरण असतं. मात्र त्या चित्रीकरणाला भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र लागतं, दोन भागांचं, हॅश मूल्यासकट (फाइलमध्ये बदल झालेला नाही हे दाखवणारा आकडा). ते नसेल तर व्हिडिओ कोर्टात चालत नाही. असं प्रमाणपत्र अटळ आहे हे जालन्याच्या निवडणूक वादातून गेलेल्या अर्जुन पंडितराव खोतकर खटल्यात २०२० साली ठरलं आणि नव्या अधिनियमानेही तेच कायम ठेवलं.

शवविच्छेदनाच्या वेळी गोळी शरीरात असेल तर आधी एक्स-रे काढतात. गोळी दातेरी चिमट्याने ओढली तर तिच्या अंगावर नवे ओरखडे उठतात आणि नळीने उमटवलेल्या मूळ खुणांत ते मिसळतात. म्हणून ती बोटांनी किंवा रबर लावलेल्या चिमट्याने काढायची आणि ओळखीची खूण करायचीच तर बुडाला करायची, बाजूला नाही. अहवालात जखमेचं वर्णन नीट वाचावं. नळी टेकवून झाडली असेल तर कडा फाटलेल्या असतात, कवटीसारख्या हाडावर तर ताऱ्यासारख्या चिरलेल्या, आणि काजळी आत गेलेली असते. काही इंचांवरून झाडली तर केस जळतात, कातडी भाजते. काजळी साधारण फूटभर अंतरापर्यंत दिसते. न जळलेल्या दारूचे कण कातडीत टोचून बसतात, ते साधारण दोन फुटांपर्यंत. त्यापलीकडे फक्त भोक आणि त्याभोवतीची खरचटल्याची कड. हे आकडे ढोबळ आहेत. शस्त्र आणि काडतूस बदललं की अंतरं बदलतात, म्हणून त्याच शस्त्रातून तशाच काडतुसांनी चाचणी झाडूनच तज्ज्ञ मत देतो.

शस्त्र बहुतेक वेळा आरोपीच्या निवेदनावरून काढलं जातं. पोलिसांपुढे दिलेला कबुलीजबाब पुरावा होत नाही; साक्ष अधिनियमाच्या कलम २३ प्रमाणे ज्या वाक्यामुळे वस्तू सापडली तेवढंच वाक्य ग्राह्य. 'पिस्तूल हिप्परग्याच्या तलावाकाठी दगडाखाली ठेवलं आहे, काढून देतो' हे चालतं. 'त्याच पिस्तुलाने तिला मारलं' हे चालत नाही. इथे उलटतपास ठरलेला असतो: निवेदन किती वाजता लिहिलं, गाडी किती वाजता निघाली, स्टेशन डायरीत नोंद आहे का, गाडीच्या लॉगबुकात किलोमीटर जुळतात का, जागा उघड्यावर होती का, कुणालाही तिथे जाता आलं असतं का. निवेदनाची वेळ साडेअकरा आणि गाडीची नोंद अकराची, असं निघालं तर जप्तीवर पाणी पडतं.

जप्त झालेलं पिस्तूल मुद्देमाल कारकुनाकडे जमा होतं, मालखान्याच्या नोंदवहीत चढतं आणि पत्रासोबत प्रयोगशाळेत जातं. गोळीबाराचा मुद्देमाल मुंबईला कालिन्याला न्यायचा असेल तर एखादा शिपाई सीलबंद पार्सल घेऊन रात्रीच्या सिद्धेश्वर एक्सप्रेसने निघतो आणि सकाळी जमा करून पावती आणतो. हा शिपाई साक्षीदारांच्या यादीतून हमखास गळतो. पार्सल रात्रभर कुठे होतं, सील शाबूत होतं का, याला उत्तर देणारा तो एकटाच. दोषारोपपत्र हातात आलं की पहिल्यांदा त्याचं नाव शोधावं. नसेल तर सरकारी वकिलांना लेखी कळवावं. मालखान्यातून माल निघाल्याची तारीख, पत्रावरची तारीख आणि प्रयोगशाळेच्या पावतीची तारीख या तिन्ही शेजारी ठेवून पाहाव्यात. मधे महिनाभर माल का पडून राहिला हे कुणीतरी सांगितलं पाहिजे.

प्रयोगशाळा पुंगळीच्या बुडावरचा पिनचा ठसा आणि गोळीच्या अंगावरच्या नळीच्या रेघा तुलना-सूक्ष्मदर्शकाखाली जुळवते. गावठी कट्ट्याची नळी बहुधा आतून गुळगुळीत असते, तिच्यात आटे नसतात. त्यामुळे गोळी त्याच कट्ट्यातून सुटली असं खात्रीने सांगता येत नाही, पिनच्या ठशावर भिस्त ठेवावी लागते. अहवालात 'गोळीबाबत निश्चित मत देता येत नाही' असं आलं म्हणून तपास खोटा ठरत नाही. हे पाटीवर लिहून ठेवावं इतक्या वेळा सांगावं लागतं.

आरोपी कोठडीत असेल तर दोषारोपपत्र ९० दिवसांत यावं लागतं. ९१ व्या दिवशी ते नसेल तर जामीन त्याचा हक्क होतो, गुन्हा कितीही गंभीर असो. घरच्यांनी तारखांचा हिशेब ठेवावा. याच ९० दिवसांत तपासाची प्रगती फिर्यादी पक्षाला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. जामीन अर्जावर पीडितेच्या कुटुंबाला ऐकून घेतलं पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये लखीमपूर प्रकरणात ठणकावून सांगितलं. तेव्हा जामिनाच्या तारखेला हजर राहायचं. शस्त्र कायद्याच्या कलम ३ चा भंग लावला असेल तर जिल्हा दंडाधिकाऱ्यांची पूर्वपरवानगी दोषारोपपत्रासोबत आहे का ते बघावं. ती नसेल तर बेकायदा शस्त्राचा आरोप गळतो. खुनाचा मात्र टिकतो.

खून सत्र न्यायालयातच चालतो, म्हणून दंडाधिकारी आरोपीला कागदपत्रांच्या प्रती देऊन खटला वर पाठवतात. मग दोषारोप निश्चिती. आरोप वाचून दाखवला जातो, 'गुन्हा कबूल नाही' असं उत्तर येतं, आणि खटला खऱ्या अर्थाने सुरू होतो. १ जुलै २०२४ नंतरच्या घटनेला भारतीय न्याय संहितेचं कलम १०३, त्याआधीच्या घटनेला दंड संहितेचं जुनं ३०२. सध्या दोन्ही खटले शेजारशेजारच्या दालनांत चालताना दिसतात. खटला सरकारी वकीलच चालवतो. कुटुंब आपला वकील लावू शकतं, पण तो साहाय्यक. साक्षीदाराला प्रश्न तो थेट विचारत नाही, शेवटी न्यायाधीशांच्या परवानगीने लेखी युक्तिवाद देऊ शकतो. हे माहीत नसल्यामुळे 'एवढी फी दिली आणि वकील उठतच नाही' असा राग लोकांच्या मनात बसतो. चांगल्या साहाय्यक वकिलाचं काम बाकावर बसून होतं. वर सांगितलेल्या तारखांची तुलना, राहिलेले साक्षीदार, पुढच्या साक्षीचे मुद्दे हे सगळं आदल्या संध्याकाळी सरकारी वकिलांच्या हातात गेलं पाहिजे. तारखेला काय झालं हे ई-कोर्ट्सच्या ॲपवर खटल्याचा सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकून रोज पाहता येतं. तरी रोजनाम्याची नक्कल काढून ठेवावी.

शेजाऱ्याची साक्ष सोलापुरात वेगळ्या कारणांनी अवघड असते. पूर्व भागात यंत्रमागाचा खडखडाट दिवसभर चालू असतो. त्यात गोळीचा आवाज कसा ऐकू आला, हा पहिला प्रश्न येतो. घटना गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वर यात्रेच्या, दिवसांत घडलेली असेल तर 'शोभेची दारू उडत होती' हे उत्तर बचावाच्या हातात तयारच असतं. साक्षीदाराने आवाज कशासारखा वाटला तेच सांगावं. 'फटाका वाटला, मग किंचाळी ऐकली म्हणून बाहेर आले' ही साक्ष 'गोळीचाच आवाज होता' या साक्षीपेक्षा कितीतरी पक्की उभी राहते.

दुसरी अडचण भाषेची. विड्या वळणारी एखादी बाई घरी तेलुगू बोलते. तिचा जबाब पोलीस ठाण्यात मराठीत लिहिला गेला. कोर्टात तिला दुभाषा मिळतो, ती तेलुगूत सांगते, दुभाषा मराठीत आणतो, न्यायाधीश ते लघुलेखकाला सांगतात. तिने म्हटलेलं असतं की दार 'लोटलेलं' होतं. जबाबात 'बंद' आहे. वकील उठतो: 'पोलिसांना तुम्ही दार बंद होतं असं सांगितलं, आज उघडं होतं सांगता?' ती गोंधळते. तिने कधीच दोन गोष्टी सांगितलेल्या नसतात, तिचा शब्द दोनदा भाषांतरातून गेलेला असतो. अशा वेळी सरकारी वकिलाने फेरतपासात, म्हणजे उलटतपासानंतरच्या आपल्या प्रश्नांत, एवढंच विचारावं की दार कडी लावलेलं होतं की नुसतं लोटलेलं, आणि तिचा मूळ शब्द नोंदीत घ्यायची विनंती करावी. कन्नड बोलणाऱ्या अक्कलकोट भागातल्या साक्षीदारांचंही असंच होतं. साक्षीच्या दिवशी तिची हजार विड्यांची मजुरी बुडते. साक्षीदार भत्ता मिळतो, तो मागून घ्यायला तिला सांगावं.

उलटतपासाची ठरलेली वाक्यं साक्षीदाराला आधी माहीत असावीत. साक्ष पढवायची नाही, भीती घालवायची. 'असे म्हणणे खरे आहे काय की' अशी सुरुवात झाली की पुढे बचावाची कहाणी येते. खरं नसेल तर 'खरं नाही' एवढंच उत्तर. जबाबात न लिहिलेल्या गोष्टीबद्दल छेडलं तर नोंद होते, 'मी पोलिसांना तसे सांगितले होते, त्यांनी का लिहिले नाही याचे कारण सांगता येणार नाही.' आठवत नसेल तर 'आठवत नाही' म्हणावं. मुलीच्या चारित्र्यावर प्रश्न येतात तेव्हा बापाला सावरणं कठीण जातं. तिथे भडकून दिलेलं एक उत्तर सगळ्या साक्षीवर डाग पाडतं, म्हणून शेजारी कुणी धीराचं माणूस बसवून ठेवावं.

मुद्देमाल उघडतात तो दिवस जवळून पाहण्यासारखा असतो. बेंच क्लार्क पार्सल टेबलावर ठेवतो. बाहेरच्या कापडावर प्रयोगशाळेचं सील. ते न्यायाधीशांना दाखवून दोरा कापतात. आत पोलिसांचं मूळ वेष्टण, त्यावर फुटलेल्या लाखेचे तुकडे आणि पंचांच्या सह्यांची पिवळी पडलेली चिठ्ठी. ती चिठ्ठी हाती लागली की सरकारी वकिलाचा जीव भांड्यात पडतो. पंचाला विचारतात, सही तुमचीच का. मग पिस्तूल बाहेर येतं, मॅगझिन वेगळं. चेंबर रिकामं असल्याची खात्री आधी पोलीस करतो. त्याला आर्टिकल क्रमांक पडतो. कागदांना निशाणी, वस्तूंना आर्टिकल. इथे हटकून निघणाऱ्या दोन गोष्टी सांगतो. जप्तीत तीन जिवंत काडतुसं लिहिलेली आणि पाकिटात एकच निघालं, की बचाव 'माल बदलला' म्हणतो. चाचणीत दोन झाडली हे तज्ज्ञाच्या अहवालात असतं, तो अहवाल हाताशी ठेवावा. दुसरी गोष्ट नावाची. पंचनाम्यात 'गावठी कट्टा', पत्रात 'रिव्हॉल्व्हर', अहवालात '७.६५ मिमी पिस्तूल', अशी एकाच शस्त्राची तीन नावं असली तर शंका सहज पेरता येते. शस्त्राची लांबी, मुठीचा रंग, त्यावरचे आकडे पंचनाम्यात लिहिलेले असतील तर हा प्रश्न पाच मिनिटांत मिटतो.

बचाव साधारण चार प्रकारचा येतो. तिने स्वतःच झाडून घेतली. झटापटीत गोळी सुटली. तिसऱ्याच कुणी मारली. चिडून भान सुटलं. पहिल्याला अंतर, कोन आणि तिचा चालता हात (उजवा की डावा) उत्तर देतात. पाठीत किंवा दोन-तीन फुटांवरून लागलेली गोळी कुणी स्वतःवर झाडत नाही. दुसऱ्यासाठी घोड्याला किती ताण लागतो आणि शस्त्र हापटल्यावर आपोआप उडतं का, ही चाचणी तज्ज्ञाकडून मागावी लागते. गावठी शस्त्राबाबत हा बचाव पोकळ समजू नये. तिसऱ्यासाठी लॉजच्या रजिस्टरचं पान, सीसीटीव्ही आणि फोनच्या टॉवर नोंदी. सीसीटीव्हीचं रेकॉर्डिंग काही दिवसांनी आपोआप पुसलं जातं, त्यामुळे ते पहिल्या आठवड्यातच ताब्यात घ्यायला हवं. बंद खोलीत दोघंच होती हे सरकार पक्षाने सिद्ध केलं तर आत काय घडलं ते सांगण्याची जबाबदारी साक्ष अधिनियमाच्या कलम १०९ प्रमाणे आरोपीवर येते. पण आधी 'दोघंच' सिद्ध व्हावं लागतं. परिस्थितिजन्य पुराव्याची साखळी कुठेही तुटता कामा नये, ही शरद बिरधीचंद सारडा खटल्याने १९८४ साली घालून दिलेली पाच सूत्रं आजही प्रत्येक निकालपत्रात येतात.

चौथ्या बचावात शिक्षा कमी होण्याचा रस्ता असतो: न्याय संहितेच्या कलम १०१ मधला गंभीर आणि अचानक चिथावणीचा अपवाद. नौदल अधिकारी नानावटीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६१ साली तो नाकारला, कारण घर सोडून जहाजावरून रिव्हॉल्व्हर घेऊन येईपर्यंत राग निवायला वेळ मिळाला होता. म्हणून पिस्तूल आधीच खिशात होतं की तिथे सापडलं, हा प्रश्न आमच्याकडेही निर्णायक ठरतो.

हेतूबद्दल आणखी एक खटला अभ्यासण्यासारखा आहे. दक्षिण आफ्रिकेचा धावपटू ऑस्कर पिस्टोरियस याने १४ फेब्रुवारी २०१३ रोजी प्रिटोरियातल्या घरी बंद दारातून चार गोळ्या झाडल्या आणि आत असलेली त्याची मैत्रीण रीव्हा स्टीनकॅम्प मरण पावली. चोर समजून झाडल्या, हा त्याचा बचाव. शेजाऱ्यांनी ऐकलेले आवाज गोळ्यांचे की दार फोडणाऱ्या क्रिकेट बॅटचे, यावर कोर्टात दिवसच्या दिवस गेले, आणि वेळा लावायला शेजाऱ्यांच्या फोन नोंदी कामी आल्या. खालच्या कोर्टाने २०१४ मध्ये सदोष मनुष्यवधच धरला. डिसेंबर २०१५ मध्ये अपील न्यायालयाने खून ठरवला, कारण दाराआड कुणीही असो, चार गोळ्यांनी माणूस मरेल हे त्याला कळत होतं. २०१७ मध्ये शिक्षा १३ वर्षं ५ महिन्यांवर नेली. सोलापुरातल्या साक्षीदाराच्या मोबाईलची कॉल नोंदही असंच काम करते. '११२ ला फोन किती वाजता लावला' याचं उत्तर आठवणीतून देण्याऐवजी नोंदीतून द्यावं.

साक्षी संपल्या की आरोपीचा नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५१ चा जबाब होतो. प्रत्येक पुरावा त्याच्यापुढे प्रश्न करून ठेवावा लागतो. एखादा महत्त्वाचा पुरावा विचारायचा राहिला तर अपिलात तो बाजूला पडू शकतो, तेव्हा साहाय्यक वकिलाने प्रश्नांची यादी तपासून द्यावी. नंतर युक्तिवाद. युक्तिवाद संपल्यापासून निकाल ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत द्यावा असं हीच संहिता सांगते. दोषी ठरल्यावर शिक्षेवर वेगळी सुनावणी होते. जन्मठेप किंवा फाशी, आणि दंड. दंडातून कुटुंबाला भरपाई देण्याचा आदेश मागायला विसरू नये. आरोपी सुटला किंवा सापडलाच नाही तरी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे पीडित भरपाईचा अर्ज करता येतो.

आरोपी निर्दोष सुटला, किंवा खुनाऐवजी हलक्या कलमाखाली दोषी धरला गेला, तर सरकारची वाट न पाहता कुटुंब स्वतः उच्च न्यायालयात अपील करू शकतं, आणि त्यासाठी वेगळी परवानगी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूर जिल्ह्याची अपिलं मुंबईऐवजी कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे जातात. निकालाच्या प्रमाणित नकलेचा अर्ज निकालाच्या दिवशीच टाकावा. मुदतीचा हिशेब करताना नकल मिळायला लागलेले दिवस वगळतात, पण त्यासाठी अर्जाची तारीख कागदावर असावी लागते.

शेवटचं काम बऱ्याच घरांकडून राहून जातं. तिचा फोन, कानातले, पैंजण, स्कूटीची चावी हे सगळं मुद्देमालात असतं. गाडी आणि दागिने खटला चालू असतानाही बंधपत्रावर मिळू शकतात, फोटो आणि पंचनामा करून. बाकीच्या वस्तूंबद्दल निकालपत्राच्या शेवटच्या परिच्छेदात आदेश असतो: शस्त्र आणि काडतुसं सरकारजमा, रक्ताचे कपडे नष्ट, मौल्यवान वस्तू वारसाला परत, आणि हे सगळं अपिलाची मुदत संपल्यावर. तो परिच्छेद वाचावा, मुदत संपली की अर्ज करावा, सोबत वारसाचं ओळखपत्र आणि यादीतला आर्टिकल क्रमांक द्यावा. क्रमांक नसेल तर मालखान्यात शोधाशोधीत दिवस जातो. पैंजण हातात घेताना यादीतल्या वजनाशी ताडून मगच पावतीवर सही करावी.